कलिंग नावाची गोगलगाय

पहिला पाऊस पडून गेला, की बांधावर, परसात, केळीच्या बुंध्याशी गोगलगायी दिसू लागतात. काही पाठीवर शंख घेऊन हिंडतात. काही बिनशंखाच्या, उघड्या अंगाच्या, मागे चकाकती रेघ सोडीत जातात. ही दुसरी जात भाजीच्या वाफ्यात शिरली म्हणजे घरातली बाई मिठाची चिमूट घेऊन धावते, कारण मीठ पडले की हिचे पाणी होते. आता ह्याच उघड्या अंगाच्या गोगलगायीची भावंडे खाऱ्या समुद्रात सुखाने राहतात, इतकेच नव्हे तर तेथे ती जगातल्या सर्वांत रंगीत प्राण्यांत मोडतात, असे सांगितले तर पुष्कळांना ते पटकन खरे वाटणार नाही. पण ते खरे आहे.

आज अशाच एका समुद्री गोगलगायीची हकीकत सांगायची आहे. तिचे नाव ऐकल्यावर शिक्षकबंधूंचे कान टवकारतील. तिचे नाव आहे 'कलिंग'. होय, अशोकाने जिंकलेला आणि जिंकून पस्तावलेला तोच तो कलिंग देश. शास्त्रज्ञांनी त्या देशाचे नाव ह्या प्राण्याला दिले आणि पुढे 'ऑर्नाटा' असा लॅटिन शब्द जोडला. त्याचा अर्थ नटलेली, अलंकार ल्यालेली. 'कलिंग ऑर्नाटा' हे नाव १८६४ साली लंडनमध्ये छापले गेले. आपल्या पूर्वकिनाऱ्यावरची एक गोगलगाय लंडनच्या पुस्तकात कशी गेली, ह्याचा इतिहास मोठा मौजेचा आहे. त्यात कित्तूरची लढाई येते, अशोकाचा शिलालेख येतो, एक बुडालेली बँक येते, आणि एक चित्रकारही येतो, ज्याच्यावाचून हे सारे घडलेच नसते.

पण आधी त्या प्राण्याची आणि त्याच्या घरची ओळख करून घेऊ.

शंख, खुबे, कवड्या आणि ह्या समुद्री गोगलगायी, हे सारे एकाच मोठ्या कुळातले. अंड्यातून पिल्लू बाहेर पडते तेव्हा समुद्री गोगलगायीच्या पाठीवरही इवलासा शंख असतो. काही काळ ते पिल्लू पाण्यात तरंगत राहते. मग जेथे त्याच्या आवडीचे खाद्य आहे अशा जागी तळाशी बसते, आणि तेथे आपला शंख टाकून देते. पुढचे सारे आयुष्य ते उघड्या अंगाने काढते. पाठीवर, मागच्या बाजूला, पुष्कळ जातींत कल्ल्यांचा एक नाजूक झुपका असतो. एखादे फूल उमलावे तसा तो पाण्यात उमललेला दिसतो. कल्ले असे उघडे असतात म्हणून फ्रेंच शास्त्रज्ञ कुव्हिए यांनी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी ह्या गटाला 'उघड्या कल्ल्यांचे' अशा अर्थाचे नाव दिले. आज ह्या गटातल्या सुमारे ३,००० जाती माहीत आहेत.

मग घर टाकून दिलेल्या ह्या मऊ प्राण्याला मासे गट्ट का करीत नाहीत? त्याचे उत्तर त्याच्या जेवणात आहे. कित्येक जाती विषारी स्पंज खातात आणि ते विष आपल्या कातडीत साठवून ठेवतात. काही जाती झुडपासारखे दिसणारे, डंख करणारे बारीक प्राणी खातात, आणि नवल असे, की त्यांच्या डंखाच्या पेशी पचवून न टाकता आपल्या पाठीवरच्या बोंडांत नेऊन ठेवतात. म्हणजे शत्रूच्या शस्त्रागारातली हत्यारे आणून आपल्या तटावर मांडावीत, त्यातलाच प्रकार. आणि मग अंगावरचा तो भडक रंग म्हणजे इशारा. गांधीलमाशीचे पिवळे पट्टे पाहून पोर जसे हात आखडते, तसा मासा एकदा चव घेऊन पस्तावला म्हणजे पुन्हा त्या रंगाच्या वाटेला जात नाही.

आणखी एक गंमत सांगतो. ह्या प्राण्याला डोळे आहेत, पण ते इतके साधे, की उजेड आणि अंधार यापलीकडे त्यांना फारसे काही कळत नाही. तो वाट शोधतो वासावर, डोक्यावरच्या दोन शिंगांनी. म्हणजे ज्या रंगांवर आपण खूळ लागल्यासारखे लुब्ध होतो, ते रंग ह्या बिचाऱ्याला स्वतःला कधी दिसतच नाहीत.

आता आपली कलिंग. ही खडकाच्या खळग्यात सहसा सापडत नाही. किनाऱ्याजवळच्या वाळूच्या आणि चिखलाच्या तळावर ती वावरते. चांगली वाढली म्हणजे तळहात भरून जाईल एवढी होते. अंग फिकट, काचेसारखे, आणि त्यावर लाल टोकांच्या गाठी, जणू कोणी माणके जडवली आहेत. डोक्यापुढे फांद्याफांद्यांचे झुपके. तिचे भक्ष्य म्हणजे भंगुरतारे. भंगुरतारा हा तारामाशाचा सडपातळ भाऊ. त्याचे हात सापासारखे वळवळतात आणि धरले की तुटतात, म्हणून त्याला भंगुर म्हणायचे. वाळूत दडलेले हे तारे शोधीत कलिंग रात्री हिंडते. दक्षिण आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून जपानपर्यंत ती सापडते, पण शास्त्राला तिची पहिली ओळख झाली ती आपल्या आंध्रच्या किनाऱ्यावर.

येथे एक अडचण लक्षात घेतली पाहिजे, कारण आजच्या साऱ्या हकीकतीचे मर्म त्यात आहे. शंखाचे तसे नाही. शंख उचलला, धुतला, कपाटात ठेवला, की शंभर वर्षांनीही तो शंखच राहतो. फुलपाखरू टाचणीला टोचून ठेवले तरी त्याचे पंख बराच काळ रंग धरून राहतात. पण समुद्री गोगलगाय पाण्याबाहेर काढली की तिचा गोळा होतो. मद्यार्कात घालून बाटलीत ठेवली, तर आकसते आणि हळूहळू तिचा रंग उडून जातो. बाटलीत शिल्लक राहतो एक पांढुरका, सुरकुतलेला तुकडा. त्यावरून ती जिवंतपणी कशी होती हे ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही. म्हणून ज्या काळी रंगीत छायाचित्र नव्हते त्या काळी ह्या प्राण्याचा रंग टिकवायचा एकच उपाय होता. तो जिवंत असताना, पाण्यात असताना, कोणीतरी समोर बसून त्याचे चित्र काढायचे.

आता आपण ह्या हकीकतीतल्या मुख्य माणसाकडे वळू. त्याचे नाव वॉल्टर इलियट. जन्म १८०३, स्कॉटिश घराण्यातला. कंपनी सरकारच्या मद्रास इलाख्यातल्या नोकरीत तो आला, आणि विशीतच त्याची नेमणूक धारवाडकडे झाली. त्या भागाला तेव्हा इंग्रज 'दक्षिण मराठा मुलूख' म्हणत. पेशवाई बुडून पाचसहा वर्षेच झाली होती.

१८२४ साली कित्तूरच्या देसायांचे निधन झाले. दत्तक मंजूर करायला कंपनी सरकारने नकार दिला, आणि राणी चन्नम्मा उभी ठाकली. २३ ऑक्टोबर १८२४ रोजी कित्तूरच्या किल्ल्यापुढे लढाई झाली. धारवाडचा कलेक्टर थॅकरे तीत मारला गेला, आणि त्याचे दोन तरुण साहाय्यक राणीच्या लोकांनी कैद केले. एक स्टीव्हन्सन, दुसरा हा इलियट. त्याचे वय तेव्हा एकवीस. सुमारे सहा आठवडे हे दोघे कित्तूरकरांच्या कैदेत होते. त्यांच्या जिवाला धक्का लागला नाही. डिसेंबरच्या आरंभी त्यांना सोडून देण्यात आले. त्यानंतर थोड्याच दिवसांत इंग्रजी फौजेने किल्ला घेतला. राणीला मात्र बैलहोंगलच्या किल्ल्यात बंदिवासात ठेवले, आणि तेथेच १८२९ मध्ये तिचा अंत झाला. आपल्या कैद्यांना जिवंत परत पाठविणारी राणी स्वतः कैदेतून परत आली नाही. आपण इलियटच्या विद्येचे कौतुक करू, पण हे विसरून करू नये.

इलियट त्याच मुलुखात पुढे काही वर्षे राहिला. माणूस नुसता साहेबी करणारा नव्हता. गावोगावच्या देवळांतले, माळावरचे कोरीव लेख त्याने नकलून घ्यायला सुरुवात केली. असे पाचशेहून अधिक लेख त्याने जमविले. चालुक्य आणि यादव ह्या राजघराण्यांच्या वंशावळीचा धागा इंग्रजीत प्रथम जुळवून दाखविणाऱ्यांत त्याची गणना होते. १८३७ साली त्याने ह्या लेखांवरचा निबंध प्रसिद्ध केला. १८३९ मध्ये त्याने दक्षिण मराठा मुलुखातल्या सस्तन प्राण्यांची यादी छापली. गवताळ रानात राहणाऱ्या एका उंदराच्या शास्त्रीय नावात आजही 'इलियट' आहे. पुढे कबुतरांच्या आणि कोंबड्यांच्या जाती जमवून त्याने त्यांची कातडी विलायतेला चार्ल्स डार्विन यांच्याकडे पाठविली. डार्विन यांच्या १८५९ च्या जगप्रसिद्ध ग्रंथात, पहिल्याच प्रकरणात, कबुतरांसंबंधी लिहिताना त्याचे नाव कृतज्ञतेने आले आहे.

पुढे इलियटची बदली पूर्वकिनाऱ्यावर झाली. १८४५ साली त्याने कृष्णाकाठी अमरावतीच्या स्तूपाचे उत्खनन केले. तेथली शिल्पे पुढे लंडनला नेण्यात आली आणि ती ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. मग तो उत्तर सरकार प्रांताचा कमिशनर झाला. 'सरकार' म्हणजे येथे जिल्हा. गंजामपासून कृष्णेपर्यंतचा तो किनारा, म्हणजेच जुन्या कलिंग देशाचा मोठा भाग त्याच्या अखत्यारीत आला.

आता योगायोग बघा. गंजाम भागात जौगड नावाची एक जागा आहे. आज ती ओडिशा राज्यात आहे. तेथल्या खडकावर एक लेख कोरलेला होता. १८५० साली इलियटने त्याची नक्कल करून घेतली, आणि हा अशोकाचाच लेख आहे, गिरनारला आणि धौलीला आहे त्याच मालिकेतला आहे, हे त्याने ओळखले. शिक्षकबंधूंनी वर्गात सांगावी अशी एक गोष्ट येथे आहे. अशोकाने कलिंगच्या युद्धात किती माणसे मेली आणि त्याला किती दुःख झाले, हे त्याच्या तेराव्या शिलालेखात आहे, हे आपण शिकवतो. पण तो तेरावा लेख खुद्द कलिंगात, म्हणजे जौगड आणि धौली येथे, कोरलेलाच नाही. तेथे त्याच्या जागी दोन वेगळे लेख आहेत. त्यांत प्रजेला लेकरांप्रमाणे वागवा, असे अधिकाऱ्यांना बजावले आहे. ज्यांची घरे जळाली त्यांच्याच दारात पराभवाची आठवण कोरून ठेवणे राजाला बरे वाटले नसावे. अशा ह्या कलिंगाचे नाव इलियटच्या दृष्टीला किती जवळचे असेल, ते ध्यानात येईल.

१८५३-५४ च्या सुमारास इलियट विशाखापट्टणम शेजारच्या वाल्टेर येथे होता. आपला पूर्वकिनारा बहुतेक सगळा वाळूचा. मैलोन् मैल नुसती पुळण. पण विशाखापट्टणमला पूर्वघाटाचे डोंगर थेट समुद्राला येऊन भिडतात. तेथल्या तांबूस खडकाला, त्या डोंगरांत राहणाऱ्या खोंड आदिवासींवरून, 'खोंडालाइट' असे नाव पुढे मिळाले. लाटांनी त्या खडकात खळगे पाडले आहेत, आणि ओहोटीला त्यांत पाणी साचून राहते. शेवाळ, स्पंज, समुद्रफुले, खेकडे, सारी वस्ती तेथे असते. खडकाच्या पलीकडे, पाण्याखाली, वाळूचा आणि चिखलाचा तळ. एकाच ठिकाणी दोन तऱ्हेची घरे, म्हणून दोन तऱ्हेचे प्राणी. नुसत्या पुळणीवर इलियटला जे कधी मिळाले नसते, ते येथे मिळाले.

पण मिळाले म्हणजे कोणी दिले? कमिशनर साहेब स्वतः गुडघाभर पाण्यात उतरून रोज प्राणी वेचीत असतील, असे मानायचे कारण नाही. त्यातून कलिंग ही पाण्याखालच्या तळावर रात्री हिंडणारी. ती किनाऱ्यावर येते ती बहुधा कोळ्याच्या जाळ्यातून, मासळीबरोबर. जाळे झाडताना जो लिबलिबीत, निरुपयोगी गोळा एरवी वाळूत फेकला जायचा, तो कोणीतरी भांड्यात समुद्राचे पाणी घेऊन जपून आणला असला पाहिजे. पाणी तापू दिले नसले पाहिजे. ज्याने कधी कोकणात मासळीच्या नावेवर काम केले आहे त्याला कळेल, की हे काम वाटते तितके सोपे नाही.

आणि मग तो चित्रकार. इलियटने आपल्या पदरी एतद्देशीय चित्रकार ठेवले होते. मासे, शंख, पक्षी यांची चित्रे ते काढीत. अशाच हाताने ह्या समुद्री गोगलगायींची रंगीत चित्रे जिवंत प्राण्यावरून काढली. तुम्ही विचार करा, पुढ्यात बशीभर पाणी. त्यात एक प्राणी, जो एका जागी ठरत नाही, क्षणात लांब होतो, क्षणात आखडतो, हात लागला की कल्ल्यांचे फूल आत ओढून घेतो. दिवस वर येतो तसे पाणी तापते, आणि प्राणी मलूल होऊ लागतो. तेवढ्या वेळात कागदावर तो उतरवायचा. गाठी किती, शिंगांना वळ्या किती, लाल रंग नेमका कोणता, हे सारे पाहायचे. देवळाच्या भिंतीवर किंवा पोथीच्या पानावर ज्याच्या घराण्याने पिढ्यान् पिढ्या रंग भरले असतील अशा माणसापुढे हे अगदी नवे काम होते. तेथे रेघ परंपरेने ठरलेली असते. येथे जे समोर आहे तेच, आणि तेवढेच, काढायचे होते.

चित्रे आणि मद्यार्कातले नमुने अशी ही दौलत मग इंग्लंडात न्यूकॅसल गावी पोचली. तेथे दोन मित्र राहत होते. एक जोशुआ आल्डर, दुसरे आल्बनी हॅन्कॉक. आल्डर हे मूळचे दुकानदार. धंदा सोडून त्यांनी आपले सारे आयुष्य समुद्रातल्या ह्या उघड्या गोगलगायींना वाहिले. हॅन्कॉक यांनी वकिलीचे शिक्षण घेतले होते, पण मन रमले ते प्राण्यांच्या चिरफाडीत आणि चित्रांत. ब्रिटिश किनाऱ्यावरच्या ह्या प्राण्यांवर दोघांनी मिळून जो ग्रंथ लिहिला, तो १८४५ ते १८५५ ह्या काळात भागाभागाने निघाला. त्यातली चित्रे आजही माणसे आदराने पाहतात. १८५७ साली तेथील एक बँक बुडाली आणि आल्डर यांची सारी पुंजी गेली. त्यांच्या विद्येची कदर म्हणून सरकारने पुढे त्यांना वर्षाला ७० पौंडांचे वर्षासन दिले. म्हातारपणी आलेल्या त्या हलाखीतही त्यांनी काम सोडले नाही. इलियटच्या संग्रहावरचा निबंध ह्या दोघांनी १८६४ साली लंडनच्या प्राणिशास्त्र संस्थेच्या ग्रंथमालेत प्रसिद्ध केला. त्यात कित्येक प्राणी शास्त्राला अगदी नवे होते. त्यांतल्याच एकासाठी दोघांनी नवी प्रजाती स्थापिली आणि तिला नाव दिले कलिंग. आणखी एका जातीला इलियटचे नाव दिले.

आता गंमत पहा. आल्डर आणि हॅन्कॉक यांनी वाल्टेरचा किनारा कधी पाहिलाच नव्हता. त्यांच्यासमोर बाटलीत होता फिकट गोळा. त्याची जीभ, त्याचे आतडे, त्याचे कल्ले ते चिरून पाहू शकत होते, आणि ते त्यांनी फार कुशलतेने पाहिले. पण 'ऑर्नाटा', म्हणजे नटलेली, हा साज त्यांना बाटलीत कोठून दिसणार? तो दिसला कागदावर. नावातले अर्धे श्रेय त्या चित्रकाराचे आहे. शास्त्रीय नावांत संग्रह करणाऱ्याचे नाव आले, देशाचे नाव आले, चित्रकाराचे मात्र आले नाही.

अशीच एक हकीकत त्याच काळी सिंहलद्वीपात घडत होती. तेथे एडवर्ड केलार्ट नावाचे लष्करी डॉक्टर होते. त्यांचा जन्म त्याच बेटावरचा. त्रिंकोमाली बंदरात त्यांनी समुद्री गोगलगायी जमविल्या आणि १८५८-५९ मध्ये त्यांची वर्णने छापली. पण वर्णने त्रोटक होती. 'तांबूस अंग, वर ठिपके' एवढ्यावरून प्राणी ओळखायचा म्हणजे 'सावळा, उंच' एवढ्यावरून जत्रेत माणूस शोधण्यासारखे. १८६० साली केलार्ट विलायतेस जाताना बोटीवरच वारले. आता ते प्राणी कोणते होते, हे कोणी सांगायचे? पण त्यांची चित्रे वाचली होती, आणि ती न्यूकॅसलच्याच संग्रहालयात, हॅन्कॉक यांच्या संग्रहाबरोबर राहिली होती.

ती चित्रे आणि ते जुने नमुने १९०६ साली पुन्हा उलगडून पाहिले, ते दुसऱ्या एका इलियटने. मराठीत लिहिताना दोघांचे नाव एकच होते, म्हणून घोटाळा करू नका. हे सर चार्ल्स इलियट. पूर्व आफ्रिकेत ते ब्रिटिशांचे कमिशनर होते, पुढे जपानमध्ये राजदूत झाले, आणि 'हिंदुइझम अँड बुद्धिझम' हा त्यांचा तीन खंडांचा ग्रंथ १९२१ साली निघाला. कचेरीच्या कामातून सवड मिळाली, की हा माणूस समुद्री गोगलगायींच्या मागे लागे. त्यांनी केलार्ट यांची चित्रे आणि आल्डर-हॅन्कॉक यांचे नमुने शेजारी ठेवून दक्षिण भारत आणि सिंहलद्वीप येथील ह्या प्राण्यांची पुन्हा छाननी केली. जवळजवळ पन्नास वर्षे झाली होती. बाटलीतले रंग केव्हाच गेले होते, कागदावरचे टिकून होते. म्हणून अनेक जुन्या नावांना पुन्हा अर्थ आला.

पहिल्या इलियटचे पुढे काय झाले, ते सांगायचे राहिले. १८६० मध्ये नोकरीतून निवृत्त होऊन तो स्कॉटलंडमधल्या आपल्या वडिलोपार्जित घरी गेला. उतारवयात त्याची दृष्टी गेली. ज्याने शिलालेख वाचले, नाणी पारखली, वाल्टेरच्या प्राण्यांचे रंग टिपवून घेतले, त्याच्या डोळ्यांपुढे अंधार झाला. तरीही दक्षिण हिंदुस्थानातल्या नाण्यांवरचा ग्रंथ त्याने दुसऱ्याकडून लिहवून पुरा केला, आणि तो १८८६ च्या सुमारास बाहेर आला. १ मार्च १८८७ रोजी सकाळी त्याने तमिळ पंडित डॉ. पोप यांना एक पत्र सांगून लिहविले. विषय होता तिरुक्कुरळ. त्याच दिवशी संध्याकाळी तो वारला.

श्रोतेहो, ही हकीकत तेथेच संपत नाही, ती आपल्या दारापर्यंत येते. आपल्या कोकणचा किनारा तर खडकांनी भरलेला. मुंबईपासून मालवणपर्यंत, आणि पुढे गोव्यात, सुकतीच्या वेळी उघड्या पडणाऱ्या कातळावर ह्या प्राण्यांची वस्ती आहे. गेल्या काही दशकांत आपल्याच इकडच्या अभ्यासकांनी तो किनारा पावलापावलाने पालथा घालायला सुरुवात केली. मुंबईत तर २०१७ पासून नागरिकच ओहोटीच्या वेळी जमून, खडकांत काय काय राहते, त्याची छायाचित्रांसह नोंद ठेवू लागले. २०२० साली आपल्या पश्चिम किनाऱ्यावरच्या दोन नव्या जातींचे वर्णन प्रसिद्ध झाले. दोन्ही 'क्रॅटेना' प्रजातीतल्या. एकीला कच्छच्या आखातातल्या पोशित्रा गावाचे नाव मिळाले आहे, आणि दुसरीच्या नावात चक्क पवार आणि शिंदे ही आपल्या ओळखीची आडनावे आहेत. कलिंगाचे नाव ठेवले गेले तेव्हा नाव ठेवणारे हजारो मैल दूर होते. आता नाव ठेवणाऱ्यांत किनाऱ्यावर उभी असलेली माणसेही आहेत.

पण एक काळजी आहे, ती सांगितली पाहिजे. ह्या प्राण्यांचे आयुष्य थोडे. पुष्कळ जाती वर्षभरदेखील जगत नाहीत. त्यांचे खाणेही फार ठराविक. एखादी जात एकाच प्रकारचा स्पंज खाणारी. तो स्पंज ज्या खडकावर आहे तो खडक भरावाखाली गेला, किंवा त्यावर शहराचे सांडपाणी सुटले, की स्पंज जातो आणि त्याच्या मागोमाग ती गोगलगायही जाते. कलिंगसारख्या तळावरच्या जातींचे संकट वेगळे. यांत्रिक नौकांची जड जाळी तळ खरवडत जातात, आणि भंगुरताऱ्यांचे घर त्यात उलटेपालटे होते. वाघ नाहीसा झाला तर रानाजवळच्या गावाला कळते. ही गेली तर कोणाला कळणार? पूर्वी ती येथे होती, हे तरी कोणाला माहीत असेल? ज्या गोष्टीची नोंद नाही, तिच्या जाण्याचीही नोंद होत नाही.

म्हणून शिक्षकबंधूंना एक सुचवावेसे वाटते. तुमची शाळा समुद्राजवळ असेल, तर अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास, जेव्हा उधाणाची भरती येते आणि ओहोटीही लांबवर जाते, तेव्हा मुलांना खडकावर न्या. बरोबर गावातला एखादा जाणता कोळी असू द्या. त्याला पाण्याची वेळ कळते, आणि कोणत्या शंखाला हात लावू नये हेही कळते. पाणी वळले, की सगळ्यांनी वर यायचे. दगड उलटून पाहिला तर तो पुन्हा होता तसा ठेवायचा, कारण त्याच्या पोटाशी कोणाचे तरी घर असते. प्राणी उचलून बाटलीत भरू नका. बाटलीत त्याचे काय होते, ते आज आपण ऐकलेच. आणि शाळा घाटावर असेल, समुद्र कधी पाहिलाच नसेल, तरी काही बिघडत नाही. पावसाळ्यात बांधावरची गोगलगाय आहेच. मिठाची चिमूट घेण्याआधी घटकाभर तिच्यासमोर बसा.

मुलांना म्हणावे, जे दिसते आहे तेच काढा, पुस्तकात पाहिलेले काढू नका. शिंगे दोन असतील तर दोन, चार असतील तर चार. रंग डोळ्यांसमोर असतानाच भरा. चित्राखाली गावाचे नाव लिहा, तारीख लिहा, पाऊस होता की ऊन होते तेही लिहा. आणि सर्वांत शेवटी, एका कोपऱ्यात, चित्र काढणाऱ्या मुलाचे नाव लिहायला विसरू नका.